समुद्रातला खळगा आणि सड्यावरचे संशोधन केंद्र

कन्याकुमारी आणि श्रीलंकेच्या दक्षिणेला हिंदी महासागराचा पृष्ठभाग खाली बसलेला आहे. पृथ्वीचा जो गुळगुळीत गणिती आकार शास्त्रज्ञ आधाराला धरतात, त्याच्या तब्बल १०६ मीटर खाली. या खळग्याचा विस्तार सुमारे ३० लाख चौरस किलोमीटर, म्हणजे जवळजवळ भारताएवढा. सुएझकडून मलाक्काच्या सामुद्रधुनीकडे जाणारी जहाजे रोज या भागातून ये-जा करतात. गोव्याच्या बार्देशातल्या कितीतरी तारवट्यांनी, म्हणजे खलाशांनी, उभ्या आयुष्यात ही वाट तुडवली असेल. पण आपण एका प्रचंड खळग्यात उतरलो आणि पुन्हा वर चढलो, हे त्यांतल्या एकालाही जाणवले नसणार. ते जाणवतच नाही.

या खळग्याच्या बुडाशी काय आहे, याचा शोध घेणाऱ्यांपैकी एक संस्था आपल्या गोव्यात आहे. म्हापशाहून पणजी, पुढे झुआरीचा पूल, कुठ्ठाळी आणि वास्को अशी वाट धरली की शेवटी मुरगाव बंदराच्या डोक्यावर हेडलँड सडा लागतो. तिथे राष्ट्रीय ध्रुवीय आणि महासागर संशोधन केंद्र आहे. २५ मे १९९८ रोजी स्थापन झालेली ही संस्था आज केंद्र सरकारच्या पृथ्वी विज्ञान मंत्रालयाकडे आहे. अंटार्क्टिकावरची मैत्री आणि भारती ही ठाणी, आर्क्टिकमधले हिमाद्री, हिमाचलातल्या स्पितीमधले हिमांश या सगळ्यांचा कारभार याच सड्यावरून चालतो. उत्तर गोव्यातल्या आपल्यासारख्यांना तिची ओळख असलीच तर 'अंटार्क्टिकाला माणसे पाठवणारे ऑफिस' एवढीच असते. ती ओळख खरी आहे, पण फार तोकडी आहे.

आधी त्या खळग्याचेच पाहू. समुद्रात खळगा असेल तर चहूबाजूंचे पाणी धावत जाऊन तो भरून का टाकत नाही? शाळेतल्या मुलाला पडेल असाच हा प्रश्न आहे आणि सगळे रहस्य त्याच्या उत्तरात आहे. पाणी उतारावरून वाहते, पण उतार कुठला हे गुरुत्वाकर्षण ठरवते. ओळंबा सोडला की दोरी ज्या दिशेला ताणली जाते ती खालची बाजू, आणि तिच्याशी काटकोनात जे पसरलेले असते ते सपाट. पृथ्वीच्या पोटातले द्रव्य सगळीकडे सारखे नाही. कुठे ते जड आहे, कुठे हलके. जिथे जड द्रव्य आहे तिथे समुद्राचे पाणी जास्त ओढले जाऊन पृष्ठभाग फुगतो, जिथे हलके आहे तिथे पाणी दुसरीकडे खेचले जाते आणि पृष्ठभाग खोल जातो. वारा, लाटा, भरती-ओहोटी सगळे बाजूला काढले तर स्थिर समुद्राचा जो उंचसखल आकार उरेल त्याला भूरूप म्हणतात. न्यू गिनीच्या बाजूला हे भूरूप आधाराच्या आकारापेक्षा ८० मीटरहून अधिक वर आहे. आपल्या दक्षिणेला ते १०६ मीटर खाली आहे, आणि साऱ्या पृथ्वीवर याहून खोल जागा दुसरी नाही. तिथले पाणी जहाजावरच्या माणसाच्या लेखी अगदी सपाट असते, कारण त्याच्या पायाखालची 'सपाटी'च वाकलेली असते. म्हणून पाणी वाहत नाही, जहाज घसरत नाही. साठ किलोचा माणूस तिथे वजनाला उभा राहिला तर फरक पडेल तो काही ग्रॅमचा.

डिचोलीच्या माणसाला हे समजायला दूर जायची गरज नाही. शिरगाव, मये, डिचोली या पट्ट्यात डोंगर होते, त्या डोंगरांच्या पोटात लोहखनिज होते. हेमॅटाइटची घनता साध्या खडकाच्या जवळजवळ दुप्पट. अशा खनिजाच्या डोंगरावर नाजूक गुरुत्वमापक ठेवला तर काटा आजूबाजूच्या जमिनीपेक्षा किंचित जास्त आकर्षण दाखवतो. आज तिथे डोंगराच्या जागी खंदक आहे, त्यात हिरवट पाणी साचले आहे, आणि तोच मापक त्या जागी उणे आकडा दाखवेल. जमिनीतले वजन काढून नेले की गुरुत्वाकर्षणात पोकळी पडते. उत्तम गुरुत्वमापक आकर्षणातला काही अब्जांश इतका बारीक बदलही टिपतो, त्यामुळे एखाद्या खाणीची नोंद करणे त्याला मुळीच अवघड नाही. आपले ते वजन बार्जमध्ये भरून मांडवीतून मुरगावला गेले आणि तिथून जहाजांतून परदेशी. ही जहाजे ज्या बंदरात भरली जात, त्याच बंदराच्या वरच्या सड्यावर आज पृथ्वीच्या वजनातल्या उणिवेचा अभ्यास चालतो. मला हा योगायोग पुसून टाकता येत नाही. खाणींनी शिरगावच्या विहिरी आटवल्या, २०१२ साली खाणकाम थांबले, २०१८ साली सर्वोच्च न्यायालयाने खाणपट्टे रद्द केले. या सगळ्या वर्षांत आपण खाणीची चर्चा रोजगार, महसूल आणि पाणी यांच्या भाषेत केली. ती करायलाच हवी होती. पण त्याच जमिनीने आपल्या मुलांना भूशास्त्राची गोडी लावायला हवी होती, ते मात्र फारसे घडले नाही.

पेडण्याला तर पोकळी म्हणजे काय हे वेगळे सांगावे लागत नाही. कोकण रेल्वेचा तिथला बोगदा मऊ, पाणी धरणाऱ्या मातीतून जातो. बांधतानाच त्याने अभियंत्यांचा जीव मेटाकुटीला आणला होता. ऑगस्ट २०२० मध्ये त्याची भिंत ढासळली, जुलै २०२४ मध्ये आत पाणी शिरून गाड्या थांबल्या. जमिनीखाली कुठे पोकळ आहे, कुठे माती वाहून गेली आहे, हे खणण्याआधी ओळखण्याच्या ज्या पद्धती आहेत त्यांत सूक्ष्म गुरुत्वमापन ही एक आहे. तत्त्व तेच, फक्त मोजपट्टी काही मीटरची. हिंदी महासागरात ती हजारो किलोमीटरची होते.

हा सागरी खळगा १९४८ साली डच भूभौतिकशास्त्रज्ञ फेलिक्स वेनिंग माइनेझ यांनी जगापुढे आणला. समुद्रावर गुरुत्वाकर्षण मोजणे त्या काळी अशक्यप्राय होते, कारण त्यासाठी लागणारा लंबक लाटांवर हलणाऱ्या जहाजात कधीच नीट डोलत नाही. माइनेझ यांनी त्यावर काढलेला मार्ग धाडसाचा होता. लंबकांची खास जोडणी करून ते पाणबुडीतून प्रवासाला निघाले. लाटा पृष्ठभागावर असतात, पाणबुडी खाली गेली की शांतता. १९२० आणि ३० च्या दशकांत त्यांनी अशा पाणबुड्यांतून समुद्र पालथे घातले. अंगाने अतिशय उंच असलेल्या त्या माणसाने अरुंद पाणबुडीत दिवसच्या दिवस काढले असतील, हे वाचताना डोळ्यांसमोर आणून पाहावे. पुढे उपग्रह आले. २००२ साली सुटलेल्या ग्रेस मोहिमेतले दोन उपग्रह सुमारे २२० किलोमीटरचे अंतर राखून एकामागोमाग फिरत होते. खालचे आकर्षण बदलले की पुढचा उपग्रह आधी ओढला जाई, मागचा नंतर, आणि त्या अंतरातला सूक्ष्म फरक मोजून पृथ्वीचा गुरुत्व-नकाशा तयार झाला. त्या नकाशात भारताच्या दक्षिणेचा निळा डाग कोणाच्याही नजरेत भरतो.

नकाशाने खळगा दाखवला, पण कारण सांगितले नाही. वरून पाहून कारण कळत नाही, कारण ते शेकडो किलोमीटर खाली आहे. तिथपर्यंत माणसाचे एकही यंत्र पोहोचलेले नाही. पोहोचतात त्या फक्त भूकंपाच्या लहरी. इंडोनेशियात भूकंप झाला की लहरी पृथ्वीच्या पोटातून सगळीकडे जातात, थंड आणि घट्ट खडकातून वेगाने, तापलेल्या खडकातून रेंगाळत. कुठली लहर किती उशिरा पोहोचली हे नेमके मोजले, तर वाटेत काय होते याचा अंदाज बांधता येतो. अडचण एवढीच की या खळग्यावर जमीन नाही. भूकंपमापक बसवायला बेट नाही, डोंगर नाही, चार-पाच किलोमीटर खोल पाणी आहे.

म्हणून २०१८ साली सड्यावरच्या या केंद्राने खळग्याच्या परिसरात सागरतळावर भूकंपमापकांची रांग उतरवली. या यंत्रांचे काम कसे चालते ते मुद्दाम सविस्तर सांगतो, कारण या सगळ्या विषयात मला सर्वांत जास्त भुरळ पडली ती याची. यंत्र जहाजावरून सरळ पाण्यात सोडतात. त्याच्या बुडाला लोखंडी ओझे बांधलेले असते, त्याच्या भाराने ते तळाकडे जाते. तिथे पाण्याचा दाब आपल्या डोक्यावरच्या हवेच्या चारशे-पाचशे पट, अंधार पूर्ण. तळाच्या चिखलात बसून ते जमिनीचा प्रत्येक कंप स्वतःच्या पोटातल्या स्मृतीत साठवत राहते. त्याला दोरी नाही, तार नाही, आणि किनाऱ्यावर बसून तिथली एकही नोंद वाचता येत नाही. खोल पाण्यातून रेडिओलहरी जात नाहीत, म्हणून उपग्रहावरून वेळ जुळवण्याचीही सोय नाही. घड्याळ सोडताना जुळवायचे आणि परत हाती आल्यावर किती पुढेमागे झाले ते पाहून सगळ्या नोंदी दुरुस्त करायच्या. महिनोन्महिन्यांनी जहाज पुन्हा त्या जागी जाते, पाण्यातून ध्वनीची खूण पाठवते. यंत्र ती ऐकते, ओझ्याची कडी सोडते आणि हलके होऊन वर यायला लागते. वर येईपर्यंत तासाहून जास्त वेळ जातो. तेवढा वेळ डेकवरची माणसे समुद्राकडे डोळे लावून उभी असतात. कधी एखादे यंत्र वर येतच नाही, आणि त्यातल्या सगळ्या नोंदी तळाशीच राहतात.

अशा कष्टाने मिळालेल्या नोंदींतून जे चित्र जुळवायचे, ते अजून जुळत आहे. शास्त्रज्ञांत दोन मोठ्या बाजू दिसतात. काहींच्या मते खरे कारण फार खोलवरचे: कोट्यवधी वर्षांपूर्वी भारत आणि आशिया यांच्यामध्ये टेथिस नावाचा महासागर होता, भारत उत्तरेकडे सरकला तेव्हा त्या महासागराचा तळ पृथ्वीच्या पोटात बुडाला, आणि त्याच बुडालेल्या थंड पाट्यांमध्ये या खळग्याचे मूळ आहे. बंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेतील देबांजन पाल आणि अत्रेयी घोष यांनी २०२३ साली वेगळा भर दिला. गेल्या १४ कोटी वर्षांतली भूखंडांची हालचाल संगणकावर पुन्हा उभी करून त्यांनी दाखवले की बुडालेल्या टेथिसने आफ्रिकेखाली, गाभ्याच्या सीमेजवळ असलेल्या तापलेल्या द्रव्याच्या प्रचंड ढिगाला ढवळले असावे. त्यातून वर आलेले गरम, म्हणून हलके द्रव्य आपल्या महासागराखाली पसरले आणि सुमारे २ कोटी वर्षांपूर्वी खळग्याला आजचे रूप आले. अमेरिकेतील भूभौतिकशास्त्रज्ञ अलेस्सांद्रो फोर्ते यांनी त्यावर आक्षेप घेतला: ज्या उष्ण प्रवाहाने साडेसहा कोटी वर्षांपूर्वी दख्खनचे लाव्हाथर ओतले, तो प्रवाह या प्रारूपात उमटत नाही.

हा आक्षेप आपल्या घरचा आहे. महाराष्ट्राचा सारा काळा पाषाण त्या उद्रेकातून आला आणि गोव्याच्या ईशान्य टोकाला, सत्तरीच्या डोंगरांत, त्याची सीमा लागते. महासागरातल्या खळग्याचे उत्तर बरोबर आहे की नाही, याची एक कसोटी सह्याद्रीच्या खडकात आहे. माझे मत विचाराल तर हलक्या, तापलेल्या द्रव्याची बाजू मला अधिक पटते, पण निकाल लागेल तो सागरतळावर आणखी यंत्रे उतरवून, आणखी वर्षे ऐकून.

सड्यावरच्या संस्थेचा दुसऱ्या एका पोकळीशीही संबंध आहे. ही पोकळी डोक्यावरची. १९८५ साली जो फार्मन आणि त्यांच्या दोन सहकाऱ्यांनी जाहीर केले की अंटार्क्टिकावरचा ओझोन दर वसंतात झपाट्याने घटतो आहे. तिथला वसंत म्हणजे आपला सप्टेंबर-ऑक्टोबर. हा शोध कुठल्या महागड्या यंत्राने लावला नव्हता. हॅली नावाच्या ब्रिटिश ठाण्यावर १९५७ च्या सुमारापासून माणसे त्याच जागी, त्याच पद्धतीने ओझोन मोजत आली होती. वर्षानुवर्षे काहीही विशेष घडत नव्हते तरी मोजणे थांबले नाही, म्हणून घट झाली तेव्हा ती कळली. शीतकपाटांत आणि फवाऱ्यांत वापरल्या जाणाऱ्या क्लोरोफ्लुरोकार्बन वायूंमुळे हे घडते याचा इशारा मोलिना आणि रोलँड यांनी १९७४ सालीच दिला होता. १६ सप्टेंबर १९८७ रोजी माँट्रियल करार झाला, जग त्याला बांधील राहिले, आणि २०२२ च्या आंतरराष्ट्रीय आढाव्यानुसार २०६६ च्या सुमाराला अंटार्क्टिकावरचा ओझोन १९८० च्या पातळीवर येईल. माणसाने स्वतः पाडलेली पोकळी माणसानेच बुजवत आणली आहे. भारताच्या मैत्री ठाण्यावर भारतीय हवामान विभागाची माणसे ओझोनच्या नोंदी घेतात. ठाणे चालते ते गोव्यातून.

गोव्याचे आणि अंटार्क्टिकाचे नाते या संस्थेपेक्षा जुने आहे. ६ डिसेंबर १९८१ रोजी गोव्याहूनच 'पोलर सर्कल' हे नॉर्वेचे जहाज २१ जणांना घेऊन निघाले. नेते होते डॉ. सय्यद झहूर कासिम, दोनापावलाच्या राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेचे माजी संचालक. ९ जानेवारी १९८२ रोजी भारताच्या या पहिल्या मोहिमेचे पाऊल बर्फावर पडले. दोन वर्षांनी तिसऱ्या मोहिमेत सुदीप्ता सेनगुप्ता आणि अदिती पंत या पहिल्या दोन भारतीय स्त्री-शास्त्रज्ञ तिथे पोहोचल्या. अदिती पंत औंध संस्थानच्या पंत घराण्यातल्या, अप्पासाहेब पंतांची कन्या. नागपुरात जन्म, पुण्यात शिक्षण, पुढे परदेशी, आणि मग दोनापावलाच्या त्याच संस्थेत समुद्रशास्त्रज्ञ. मराठी घरांत मुलींना सांगाव्या अशा गोष्टींत त्यांचे नाव असायला हवे होते. ते फार थोड्या घरांत घेतले जाते, याचे मला मनापासून वाईट वाटते.

त्याच मोहिमेत उभे राहिलेले पहिले ठाणे, दक्षिण गंगोत्री, बर्फाच्या तरत्या थरावर होते. हिम साचत गेले, ठाणे खाली गाडले गेले, आणि १९९० मध्ये ते सोडून द्यावे लागले. त्याआधीच, १९८९ मध्ये, शिर्माकर या खडकाळ भागात मैत्री उभे राहिले, तेही किनाऱ्यापासून सुमारे शंभर किलोमीटर आत. भारती २०१२ मध्ये, मैत्रीपासून सुमारे तीन हजार किलोमीटरवर, १३४ मालवाहू कंटेनर जोडून बांधले गेले. ध्रुवीय रात्रीत इथे मोजकी माणसे राहतात. त्या महिन्यांत जहाज येत नाही, सूर्य उगवत नाही, पण भूकंपमापक, चुंबकत्वमापक आणि हवामानाची यंत्रे चालूच असतात.

सड्यावरच्या इमारतीत उणे २० अंशांची एक प्रयोगशाळा आहे. बाहेर मे महिन्याचा घाम आणि आत जाड कपडे घातलेली माणसे, समोर अंटार्क्टिकातून आणलेले बर्फाचे लांब दंडगोल. थरावर थर साचलेल्या त्या बर्फात जुन्या हवेचे बुडबुडे आणि धूळ अडकलेली असते. इथल्या दंडगोलांतून काही शतकांचे हवामान वाचले जाते, आणि जगातल्या अतिशय खोल नमुन्यांतून किमान ८ लाख वर्षे मागे जाता आले आहे. 'सागरकन्या' या संशोधन जहाजाचा कारभारही याच केंद्राकडे आहे. त्या जहाजावर स्वतंत्र लेख होईल, इथे एवढेच पुरे.

पोकळी शोधायला आधी वर्षानुवर्षांच्या कंटाळवाण्या नोंदी लागतात, हे हॅलीने दाखवले, पाणबुडीतल्या लंबकांनी दाखवले, आणि आता हिंदी महासागराच्या तळाशी बसलेली यंत्रे दाखवत आहेत. असे काम करणारी माणसे आकाशातून पडत नाहीत. पणजीजवळ मिरामारच्या धेंपे महाविद्यालयात आणि मडगावच्या चौगुले महाविद्यालयात भूशास्त्र शिकवले जाते, ताळगावच्या गोवा विद्यापीठात समुद्र आणि पृथ्वीशास्त्राचे विभाग आहेत. खाणी भरात होत्या तेव्हा डिचोलीचा भूशास्त्र शिकलेला मुलगा खनिज शोधायला जाई. त्याच शिक्षणावर त्याला आज बर्फावर, सागरतळावर, उपग्रहांच्या नोंदींवर काम करता येते.

म्हापसा, पेडणे, डिचोलीतल्या शाळांच्या मुख्याध्यापकांना माझी विनंती आहे. वार्षिक सहलीसाठी किल्ले, मंदिरे, चर्च यांची यादी काढताना सड्यावरच्या या केंद्रालाही एक पत्र लिहून पाहा. नववी-दहावीची मुले तिथे नेता येतील का, तिथले शास्त्रज्ञ तुमच्या शाळेत येऊन बोलतील का, हे विचारा. आणि जाण्याआधी त्या मुलांना एवढा प्रश्न नक्की घालून द्या: समुद्रात शंभर मीटरचा खळगा आहे, तर पाणी त्यात का पडत नाही?